न संपणारे जीव

अहो,

१९९३ साली आठ वर्षांच्या लेकीला तुम्ही रोज व्हिडिओ गेममध्ये हरवायचात आणि वर म्हणायचात, "रडतेस काय, हात चालव." शेवटी तिने खेळणंच सोडलं.

यंदा तिनेच जुने गेम भरलेला तो छोटा कन्सोल तुम्हाला आणून दिला. तुमचे हात थरथरतात, म्हणून जीव संपूच नयेत असा चीट कोड तिने त्यात गुपचूप घातला. महिनाभर जिंकताय ते त्याच्यावर. काल फोनवर तिला म्हणालात, "तू कच्ची ती कच्चीच."

कोड मी सकाळी काढला. कन्सोलच्या यादीत कोडापुढची खूण काढायची असते, तिनेच दाखवलं होतं.

ती आता इकडे येणार नाही. मी तिच्याकडे राहायला चालले आहे. जेवण फ्रीजमध्ये आहे. तुम्हाला तीनच जीव उरलेत. हात चालवा.