ग्रहणातला माझा होकार रद्द समजावा

मी, खाली सही करणारी, धंद्याने वेताच्या खुर्च्या विणणारी, विधवा, वय सत्तरीच्या पुढे, राहणार पुलाखालच्या गल्लीत दुकानामागच्या दोन खोल्यांत, आज पूर्ण शुद्धीवर आहे. डोळे अधू झाले तरी डोकं शाबूत आहे. कोणाच्या धाकाने किंवा गोडीगुलाबीने नव्हे, तर किळस आल्यामुळे मी हे मृत्युपत्र लिहून ठेवते. मी मेल्यानंतर मान हलवून जे काही कबूल करीन, ते सगळं या कागदाने आजच रद्द करत आहे.

कलम १. कारण. धाकटा चंद्र सूर्यावर आला की आपली मेलेली माणसं परत येतात आणि आपापल्या खुर्चीत बसतात. ज्या बैठकीला त्यांच्या अंगाचा खळगा पडलेला असतो तिथेच, दुसरीकडे नाही. उजेड तांबूस असेतो बसतात, मग जातात. लहानपणी मला याचं नवल वाटायचं. आता ग्रहण जवळ आलं की लोक खुर्च्या घेऊन दुकानात येतात आणि बजावतात, पाय घट्ट करा, पण बैठकीला हात लावू नका. नवी वीण घातली की माणूस येत नाही ना! वडिलांची आठवण येते म्हणून नव्हे, वडिलांचा होकार हवा असतो म्हणून ही काळजी. मेलेल्याने मान हलवली की नोंदणी कचेरीत ती सही धरतात. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे मी खूप पाहिले, आणि त्यांच्या खुर्च्यांचे पाय मीच घट्ट केले.

कलम २. थोरला भाऊ. त्याला मी काहीही ठेवत नाही. त्याने आईला बसवलं तेव्हा मी समोर होते. तिच्या हनुवटीवर लाळ आली होती, ती पुसायचंही कोणाला सुचलं नाही. भावाने कचेरीच्या कारकुनाला जवळ ओढलं आणि विचारलं, "आई, घर मला एकट्याला ना?" आईने मान हलवली. मी विचारलं, "आई, हा गाढव आहे ना?" तरी हलवली. बाहेर पाऊस आहे का, तरी हलवली. मेलेल्या माणसाला नाही म्हणता येत नाही, ते नंदीबैलासारखं डोलत राहतं, हे त्या खोलीत सगळ्यांना दिसत होतं. कारकुनाने पहिला होकार लिहून घेतला आणि पेन खिशात घातलं. त्याच्या स्वतःच्या बापाची खुर्ची घरी तयारच होती.

कलम ३. पकड, सुऱ्या, टोचे, भिजवायचा टब आणि वेताच्या उरलेल्या जुड्या शेजारच्या टोपलीवालीला द्याव्यात. तिचं तोंड फाटकं आहे, पण हात चांगला आहे.

कलम ४. मुलगा. बायकोला माझ्याकडे ठेवून तो बंदराच्या गावी गेला, तो ग्रहणापुरता उगवतो. गेल्या ग्रहणात त्याने ह्यांना बसवलं आणि आईच्या माघारी घर विकू ना, असं विचारलं. मी तिथेच पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. जिवंत माणूस सोडून त्याने मेलेल्याला विचारलं. ह्यांनी मान हलवली, पण घर माझ्या कमाईचं आणि माझ्या नावावर, त्यामुळे तो होकार त्याच्या कामाचा नव्हता. मग त्याने माझ्या खुर्चीच्या बैठकीवरून हात फिरवला, खळगा किती पडलाय ते बोटांनी दाबून पाहिलं आणि म्हणाला, "ही खुर्ची नीट सांभाळ हं, आई." मला वाटलं, काळजीने बोलतोय. सुनेचा चेहरा पाहिला तेव्हा कळलं, आणि मला शिसारी आली. पोटच्या पोराची शिसारी येणं फार वाईट. त्याला माझं काहीही मिळू नये.

तो बाहेर गेल्यावर मी ह्यांच्यासमोर खाली बसले. माझ्याबरोबर सुखात होतात का, असं विचारलं. ह्यांनी मान हलवली. मला भरून आलं आणि लगेच स्वतःचीच लाज वाटली. जिवंतपणी विचारलं असतं तर म्हणाले असते, कधी होतो, कधी नव्हतो. ते मला पुरलं असतं. उजेड परतल्यावर मी ह्यांची बैठक कापून टाकली.

कलम ५. माझा श्वास थांबल्यावर, रडारड सुरू होण्याआधी, सुनेने माझ्या खुर्चीची वीण कापून वेत चुलीत घालावा. दुसरा खळगा राहू नये म्हणून मी हल्ली दुसरीकडे कुठेच बसत नाही, जेवते तेही उभ्याने. गल्लीत म्हणतात म्हातारी चळली. म्हणोत. मला परत बोलावून माझ्या तोंडाने माझंच घर पळवू देणार नाही.

कलम ६. घर, म्हणजे दोन्ही खोल्या आणि दुकान, मी सुनेला देते. हे तिला सांगितलं तेव्हा ती भांडी घासत होती. मान वर न करता म्हणाली, "मला नको तुमचं घर."

मी म्हटलं, मग इतकी वर्षं माझं केलंस ते कशासाठी?

"जायला दुसरीकडे जागा नव्हती म्हणून," ती म्हणाली. "माया लागली ती पुढे. तीही रोज नसते."

एवढं खरं मला या घरात कोणी सांगितलं नव्हतं. म्हणून घर तिलाच द्यावं, तिने पुन्हा नको म्हटलं तरीही.

हे मी स्वतः लिहिलं, वाचलं, आणि भर उन्हात, दुकानाच्या पायरीवर, सगळ्यांसमोर सही केली.

सही: खुर्च्या विणणारी
साक्षीदार: गल्लीतला न्हावी
साक्षीदार: सुईण (अंगठा)
ठिकाण: दुकानाची पायरी
तारीख: ग्रहण सुटल्यानंतरचा पंधरवडा, दुपार

सुनेचा शेरा: वाचलं. खुर्ची मी कापीन. घर अजूनही नको आहे. आणि आई, उभ्याने जेवू नका, पाय सुजतात. माझ्या खुर्चीत बसत जा, तीही मी कापून टाकीन.