परेडच्या आधी छापलेला फोटो

१६ जाने.
सेलूच्या किराणा दुकानदाराच्या खुनात देवराव सुटला. नागपूरहून हायकोर्टाचा निकाल आला. नऊ वर्षं आत होता. वकिलांच्या खोलीत उभ्यानंच वाचला. बाविसाव्या पानावर मी आहे. नाव नाही, नुसतं 'स्थानिक दैनिकातील छायाचित्र'.
दुकानदाराची बायको विमलबाई, एकटीच साक्षीदार. ओळख परेडमध्ये तिनं देवरावकडे बोट दाखवलं. पण त्याच्या तीन दिवस आधी त्याचा फोटो पेपरात येऊन गेला होता. फोटो पाहिला नाही असं तिनं सांगितलं, ते कोर्टाला पटलं नाही. ओळख बाद. संशयाचा फायदा.
तो फोटो मी छापला होता.

१७ जाने.
बातमी दिली. चार परिच्छेद. 'प्रसिद्ध झालेल्या छायाचित्रामुळे.' कोणी प्रसिद्ध केलं, ते नाही. सव्वीस वर्षं कोर्टाच्या बातम्या लिहिते आहे. वाक्यातून माणूस कसा काढायचा, हे मला चांगलं येतं.

२१ जाने.
प्रकाशकांचा फोन. माझ्या कोर्टातल्या वर्षांवरच्या पुस्तकाचं शेवटचं प्रकरण बाकी आहे. "सेलूचा खटला घ्याच, ताई. ताजा आहे." हो म्हणून बसले.
आधी इथे लिहून पाहते. फोटो फौजदाराकडे मी मागितला. तो म्हणाला, "परेड व्हायची आहे. तोवर छापू नका." नाही छापत म्हटलं. मग कळलं की दुसऱ्या पेपरालाही मिळालाय.
खोटं. कळलं नव्हतं. तशी भीती वाटली होती, एवढंच. दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर फोटो आणि माझं नाव. केवढं कौतुक झालं होतं तेव्हा.
फौजदार वारला. आता हे माहीत असलेली मी एकटी.

२ फेब्रु.
दुपारी देवराव घरी आला. आंजीहून, बसनं. मी ओळखलंच नाही. चाळिशीचा माणूस, साठीचा दिसतो. पुढचे दात नाहीत. हातात हरभऱ्याची जुडी.
"वकीलसायब म्हनले, ताईच्या पेपरातल्या फोटोनं सुटला तू. म्हून आलो."
यांनी चहा ठेवला. मी जुडी घेऊन तशीच उभी.
"एक काम होतं. थोच फोटो परत छापा. खाली लिवा, सुटला म्हून. लोकं अजून मले पाहून दार लोटतात. माय गेली थे बी थोच पेपर उशाशी ठेवून."
विचारू नये ते विचारलं. "देवराव, त्या दिवशी तुम्ही होता का दुकानात?"
कप खाली ठेवला त्यानं.
"नऊ वर्सं सांगून राह्यलो, नाई म्हून. आता तुमाले बी सांगू?"
चहा अर्धा राहिला.

३ फेब्रु.
संपादक म्हणाले, फोटो नको, विषय वाढेल.
तो निर्दोष असेल तर त्याला मी आत टाकलं. नसेल तर मी सोडवलं. तिसरं काही सापडत नाही.

६ फेब्रु.
यांना सगळं सांगितलं. लग्नाला चोवीस वर्षं, आणि आज पहिल्यांदा. मग म्हणाले, "लिहू नको, असं मी म्हणणार नाही. पण त्या बाईनं हे पुस्तकातून वाचावं का? आधी तिला सांग."

११ फेब्रु.
सेलू. दुकान आता विमलबाई आणि मुलगी मिळून चालवतात. मागच्या खोलीत बसवलं. सांगितलं सगळं. फौजदार नको म्हणाला होता, तेही.
त्या चिडल्या नाहीत. चिडल्या असत्या तर बरं झालं असतं.
"पाह्यला होता मी फोटो. शेजारनीनं आनून देल्ला."
"मग कोर्टात नाही का म्हणालात?"
"हाव म्हनलं असतं तं तवाच सुटला असता ना थो."
मग बराच वेळ पदराची किनार दुमडत होत्या.
"चेहरा पाह्यला होता मी त्या दिवशी. खरंच पाह्यला. पन आता डोये मिटले का तुमच्या पेपरातलाच दिसते. दुकानातला येतच नाई समोर." आणि मग, "ताई, तुमाले काय वाटते? थोच व्हय का?"
मी उठले.
निघताना म्हणाल्या, "माह्यं बी लिवान काय पुस्तकात?"

१९ फेब्रु.
प्रकरण झालं. सुरुवात अशी: 'परेड व्हायची आहे, हे मला माहीत होतं.' विमलबाईंचं अजून घातलेलं नाही. घातलं तर त्या खोट्या ठरतात. गाळलं तर पुन्हा मी तेच करते आहे जे

२० फेब्रु.
पाठवलेलं नाही. प्रकाशकांचे दोन फोन, उचलले नाहीत.
देवरावचा उचलला. "फोटोचं काय झालं, ताई?"
म्हटलं, मी आंजीला येते. त्याआधी तुम्हाला एक सांगायचं आहे.
"मंग फोनवरच सांगा ना."
नाही, येतेच, म्हटलं.
मागे कुठेतरी मोटारपंप सुरू होता.
"येजा. पन माह्या घरी कोनी येत नाई. लोकं पाहतीन तुमाले."
पाहू द्या, म्हटलं.