साहेब म्हणतात

माय, आज आम्हाला नम्रपणे कसं बोलावं ते शिकवलं. आदिलाबादला सगळ्या ऑफिसांतल्या जुन्या-नव्या लोकांना गोळा करून दिवसभर बसवलं होतं. शिकवणारा हैदराबादहून आलेला, माझ्या धाकट्याच्या वयाचा. चेहरा हसरा ठेवा, समोरच्याचं बोलणं मध्येच तोडू नका, आवाज चढवू नका, असं पडद्यावर चित्रं दाखवून सांगत होता. वाईट नव्हता बिचारा. पण मला रिटायर व्हायला थोडेच दिवस उरलेत. आता या जिभेला नवं वळण लावून कुठे मिरवायचं, असं सारखं मनात येत होतं. जेवणानंतर त्याने एकेकाला विचारलं, तुम्ही लोकांशी बोलायला कुणाकडून शिकलात? माझ्यावर पाळी आली तेव्हा मी म्हटलं, ‘ऑफिसातच.’ अटेंडरकडून शिकले, आणि ती अटेंडर माझी माय होती, असं सांगितलं असतं तर सगळ्यांनी कौतुकाने माना हलवल्या असत्या. तेवढं कौतुक झेलायची ताकद दुपारी माझ्यात उरली नव्हती. मावल्याला घरी आले, पाय धुतले आणि कुणाशी एक शब्द न बोलता बसून राहिले. सून दोनदा विचारून गेली, बरं नाही का? मी नुसती मान हलवली.

तू अशीच बसायचीस. बाबा गेले तेव्हा तू दुसऱ्यांच्या रानात कापसाच्या वेचणीला जात होतीस, आणि तहसिलीच्या ऑफिसात त्यांच्या जागी तुला अटेंडर, म्हणजे शिपाई, म्हणून घेतलं. लोक म्हणाले, बाईनं नशीब काढलं. पुढे तहसिली मोडून मंडलं झाली, तेव्हा तुला हायवेवरच्या नव्या ऑफिसात पाठवलं आणि शेवटपर्यंत तू तिथेच राहिलीस. सकाळची बस, संध्याकाळची बस. घरात आलीस की चपला काढायचीस, भिंतीला पाठ टेकायचीस आणि आम्ही काही विचारलं तर मानेनंच हो किंवा नाही. शेजारीण आम्हाला ऐकवायची, ‘तुमची माय ऑफिसात लागली तवापासून मोठी झाली बापा, बोलूनच नाही राह्यली.’ मला राग शेजारणीचा यायला हवा होता, पण यायचा तुझा. ऑफिसात तुझ्या जिभेवर साखर असते, असं येणारा-जाणारा सांगायचा. त्या साखरेचा एक दाणा आमच्या वाट्याला येत नव्हता.

ती साखर कशी खर्च होते ते मला कळलं मी परीक्षा देऊन तुझ्याच ऑफिसात टायपिस्ट म्हणून आले तेव्हा. नव्वद साल नुकतंच उलटलं होतं. साहेब दूर कृष्णा नदीच्या खालच्या अंगाचे, त्यांना तेलुगूशिवाय दुसरं काही येत नव्हतं. सीमेवरच्या गावांतून येणाऱ्या आपल्या लोकांना मराठीशिवाय काही येत नव्हतं. क्लार्क लोकांना दोन्ही थोडं थोडं यायचं, पण मध्ये पडायला कुणालाच सवड नसायची. मग घंटी वाजायची आणि तू आत जायचीस. तुझं काम चहाचं, फायली उचलायचं, दार सांभाळायचं. मध्ये उभं राहून दोन्हीकडचं बोल, असं तुला कुणीही सांगितलेलं नव्हतं.

मी उघड्या दाराबाहेर टाइपरायटरवर हात ठेवून ऐकते आहे. साहेब मान वर न काढता तेलुगूत म्हणतात, ‘हा पुन्हा आला? याला दुसरा धंदा नाही का?’ तू त्या शेतकऱ्याकडे वळून म्हणतेस, ‘साहेब म्हणतात, लय लांबून आले तुमी. घरी समदं बरं हाय ना?’ तो आधीच पेटलेला. ‘कायचं बरं? याच्या बापाचं ऑफिस हाय काय हे? खेपा घालून घालून पाय झिजले माहे!’ तू साहेबांकडे वळतेस आणि शांतपणे तेलुगूत सांगतेस की तो म्हणतोय, साहेबांना कामं फार आहेत, मी बाहेर थांबतो. साहेबांच्या कपाळावरची आठी थोडी सैल होते. ‘कागद ठेवून जा म्हणावं.’ आणि कागद टेबलावर राहतो. ध चा मा करणारे बदनाम झाले, माय. तू दिवसभर मा चा ध करत होतीस आणि त्याबद्दल तुला कुणी चांगलं म्हटलं नाही की वाईटही म्हटलं नाही.

पहिले काही दिवस मला गंमत वाटली. मग वाटेनाशी झाली. माझं शिक्षण तेलुगूत झालेलं, त्यामुळे साहेबांचा एकही शब्द माझ्या कानावरून वाया जात नव्हता. हे लोक अडाणी, यांना कितीही सांगा, असं ते म्हणायचे तेव्हा त्या लोकांत तू होतीस, मी होते. तुला ते ‘ए’ म्हणून हाक मारायचे. दोन्हीकडचा कडवटपणा तू गिळायचीस आणि तो घरी आणून आमच्यासमोर गप्प बसायचीस. मला तुझी लाज वाटायची. ही गोड बोलते म्हणून लोक झोपेत राहतात, साहेब कसा आहे ते त्यांना कळतच नाही, कळलं तर वर जाऊन भांडतील तरी, असं मला वाटायचं. तेव्हा माझं वय भांडायचं होतं.

जावयाच्या गोठ्यात झोपणारी एक म्हातारी घराच्या जागेचा पट्टा मागायला यायची, आठवतं ना. दर बाजाराच्या दिवशी. दर वेळी तू तिला दाराजवळच्या बाकावर बसवायचीस, पाणी द्यायचीस आणि सांगायचीस, ‘साहेब म्हणतात, पुढच्या बाजारी या.’ एकदा तू पोस्टात गेली होतीस आणि घंटी वाजली, म्हणून मी आत गेले. साहेब म्हणाले, हिला सांग, पुन्हा तोंड दाखवू नको. असल्यांना जागा दिली तर विकून खातात आणि परत हात पसरतात. मी एक अक्षर न गाळता ते म्हातारीला मराठीत सांगितलं. मला वाटलं ती भडकेल, रडेल, निदान शाप देईल. तिने पदर सारखा केला आणि म्हणाली, ‘मले माईत हाय, बाई. मले काय थ्याचं तोंड दिसत नाही? पन तुही माय सांगे तं पुढच्या बाजारी याचा हुरूप राहे.’ पुढच्या बाजारी ती परत आलीच. जागा तिला मिळाली ती साहेबांची बदली झाल्यावर. ना तुझ्या गोडीने मिळाली, ना माझ्या खरेपणाने.

मी म्हातारीला ते सांगितल्याचं तुझ्या कानावर आलं होतं. त्याच संध्याकाळी बसची वाट बघत उभ्या होतो तेव्हा तू पहिल्यांदा मला ऑफिसातल्या गोष्टीवरून बोललीस. गुडीहत्नूरकडून येणारे ट्रक धूळ उडवत जात होते, तू पदर नाकाला लावला होतास. ‘खरं सांगितलं थे बरं केलं,’ तू म्हणालीस. ‘पन तिले आदी बस म्हटलं काय तू?’ मी म्हटलं नव्हतं. ‘उभ्या मानसाले असं सांगत नसतेत, बाई.’ मला ते फार लागलं. मी तिथल्या तिथे फटकन म्हटलं, ‘अन तुले कोन बस म्हटलं आजलोक?’ बस आली, गर्दी होती, आपण दोघी दोन टोकांना उभ्या राहून घरी आलो.

पण मी बोलून गेलेलं माझ्याच डोक्यात बसलं. खरंच कोण म्हटलं होतं? इतक्या वर्षांत त्या ऑफिसात कुणी तुझ्याशी चांगला शब्द बोललेला मी ऐकला नव्हता, आणि घरात तर आम्हीही कधी बोललो नव्हतो. तू रिटायर होण्याआधी कुणीतरी तुझ्याबद्दल चार लोकांत एक धड वाक्य बोलावं, एवढंच मला तेव्हापासून वाटत राहिलं. आपण स्वतः बोलावं हे माझ्या मनातही आलं नाही. आपल्या घरात तशी पद्धतच नव्हती. आपण एकमेकींना जेवलीस का विचारायचो, आणि तेही क्वचित.

तुझ्या निरोपाच्या दिवशी मामा आणि मावशी पैनगंगेकाठच्या गावाहून दोन बसा बदलून आले. मामाने कडक इस्त्रीचा पांढरा सदरा घातला होता आणि दारातच सगळ्या स्टाफला एकेक करून जयभीम केला. खुर्च्या मांडल्या होत्या, कागदी बशीत मिक्चर आणि केळं होतं. चहा मात्र कुणी केला नव्हता, कारण चहा करणारीचाच कार्यक्रम होता. तू हार घातलेल्या गळ्याने उठून स्टोव्हकडे निघालीस तेव्हा मी तुला दंडाला धरून परत बसवलं. साहेबांच्या शेजारच्या खुर्चीवर तू पहिल्यांदाच बसत होतीस. पाठ टेकवत नव्हतीस, अर्ध्या खुर्चीवर बसली होतीस, हात मांडीवर. मला बघवत नव्हतं आणि नजरही हटत नव्हती.

तेव्हाचे साहेब नवे, स्वभावाने बरे होते. उशिरा आले, शेजारच्या क्लार्कला हळूच तुझं नाव विचारलं आणि उभे राहिले. ही वेळेवर यायची, ते तेलुगूत म्हणाले. चहा चांगला करायची, कप स्वच्छ असायचे. आता आराम कर, नातवंडं सांभाळ. नोकरी आहे म्हटल्यावर एक दिवस जायचंच असतं. एवढं बोलून घड्याळ बघितलं. त्यात वाईट काही नव्हतं, माय. पण तू ज्यासाठी रोज मुकी होऊन घरी येत होतीस, त्यातलं काहीच त्यात नव्हतं. मावशीने माझी बाही ओढली, ‘काय म्हनून राह्यले वं साहेब?’ साहेबांनी ते बघितलं आणि मला म्हणाले, ‘वाळ्ळकु चेप्पु.’ म्हणजे, त्यांना सांग.

मी उभी राहिले. कप स्वच्छ असायचे, हे माझ्या जिभेवर येऊन थांबलं. मामा हात जोडून बसला होता. आणि मग मी तुझ्यासारखंच सुरू केलं.

‘साहेब म्हणतात, या ऑफिसात खुर्च्या लय व्हत्या, पन गरिबाले बस म्हननारी ही एकच बाई व्हती. साहेब म्हणतात, आमी लोकाईले तोडून बोललो, लोक आमाले तोडून बोलले, अन हिनं दोन्हीकडचं आपल्या अंगावर घेतलं, कोनाले लागू देलं नाही. साहेब म्हणतात, आमाले हे उशिरा समजलं. दिवसभर दुसऱ्याईसाठी बोलून ही थकून जाये, घरी बोलाले हिच्यापाशी काही उरे नाही, थे घरच्याईनं समजून घ्याले पाह्यजे व्हतं. साहेब म्हणतात, अशा बाईच्या हाताखाली काम शिकाले भेटलं, हे आमचं नशीब.’

मावशीने डोळ्याला पदर लावला. मामा टाळ्या वाजवू लागला, म्हणून बाकीच्यांनीही वाजवल्या. ज्या क्लार्कला मराठी चांगलं यायचं तो मिक्चरच्या बशीत खाली बघत राहिला. साहेब चकित झाले. मी एवढंसं बोललो आणि हिने इतका वेळ काय सांगितलं, असं त्यांनी हसत विचारलं. तेव्हा तू बोललीस. त्या अर्ध्या खुर्चीवरून, नेहमीच्या खालच्या आवाजात, तेलुगूत. ‘आमच्या भाषेत जरा लांबतं, सार.’ साहेब हसले आणि तुझ्या खांद्यावर शाल घातली.

बसमध्ये मावशीचं तोंड थांबेना. साहेब असावा तं असा, मोठ्या मनाचा मानूस, देव भलं करो. तू शालीची घडी घालत होतीस, उकलत होतीस, पुन्हा घालत होतीस. शेवटी तू एवढंच म्हणालीस, ‘हो. बोलले साहेब.’ घरी येऊन तू भिंतीला टेकलीस. मी चहा केला, तू प्यायलीस. मी तिथेच बसले होते, तुझ्यापासून हातभर अंतरावर. बोलायला सबंध संध्याकाळ मोकळी होती, आणि त्यानंतर तू होतीस तेवढी वर्षंही.

तू गेलीस त्या दिवशी अंगणात जमलेल्या बायांना मावशी सांगत होती, साहेबांनी हिच्याबद्दल काय काय म्हटलं होतं. मी ते खोडलं नाही. हे लिहिलेलं पोस्टात टाकायचं नाही, म्हणूनच एवढं लिहिता आलं. साहेब तसं काही बोलले नव्हते हे तुला तेव्हाच माहीत होतं. तेलुगू तुला माझ्याइतकीच कळायची. पण मग ते कुणाचं बोलणं होतं, हे मी तुला कधी सांगितलं नाही. माझं होतं, माय. ‘साहेब म्हणतात’ असं पुढे न लावता ते मला तुझ्याशी एकदाही बोलता आलं नाही.