दोन चमचे सोड्याचा वायू

आई, आज तुझ्या सोड्याचा हिशोब केला. खायचा सोडा तापवला की कार्बन डायऑक्साइड निघतो. शून्य अंश तापमानाला आणि हवेच्या नेहमीच्या दाबाला तो किती जागा व्यापेल, असं गणित होतं. सोडा जेमतेम दोन सपाट चमचे, आणि वायू लिटरभराहून जास्त! मला तुझं स्वयंपाकघर आठवलं. भज्यांच्या पिठात माझा हात सैल सुटलाय आणि तू झारा उगारून उभी आहेस. "अगं, चिमूट म्हणजे चिमूट! भजी तळायचीत, फुगे नाही." भज्यांनी कढईतलं तेल पिऊन टाकलं. वाढताना मात्र तू सगळ्यांना दटावलंस, "पोरीनं केलीत, गुमान खा."

हे गेले ते तुला पाहावं लागलं नाही, बरंच झालं. त्यांच्या जागी मला इथे दक्षिणेत, आवडी नावाच्या गावातल्या कारखान्यात शिपायाचं काम मिळालं. चहा नेते, फायली नेते. बारावी विज्ञान झालीस तर प्रयोगशाळेत घेऊ, असं साहेब म्हणाले, म्हणून मुक्त विद्यालयातून परीक्षेला बसले आहे. उद्या रसायनशास्त्राचा पेपर.

दुपारी पुढचं गणित घेतलं. तोच वायू सत्तावीस अंशांना किती होईल? मी सरळ सत्तावीसला शून्याने भागायला बसले. तुझी नात मागून डोकावली.

"अय्यो, आई! शून्याने भागतेस?"

"मग कशाने भागू?"

"आधी केल्व्हिन कर. दोन्हीकडे दोनशे त्र्याहत्तर मिळव."

"आणि हे शून्य अंश असतं कुठे गं? आपल्या आवडीत?"

"आवडीत कुठलं! पुस्तकात."

इथे सत्तावीस अंशांचा गारवासुद्धा मार्गशीर्षातच मिळतो. पुन्हा मांडलं. वायू थोडा फुगला, सव्वा लिटरच्या आत राहिला, आणि पुस्तकामागचं उत्तर जुळलं. आनंदाने ह्यांना हाक मारायला तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. मग तुला लिहायला बसले.

हे पाठवायचं नाहीच. तू असतीस तरी मलाच वाचून दाखवावं लागलं असतं. आधीच्या प्रत्येक पेपराला मी देवाकडे सोपे प्रश्न मागितले. उद्या हे गणित आलं नाही, तर मात्र मला वाईट वाटेल. हे तुझ्या नातीलाही सांगितलेलं नाही.