नऊ पावले

३ जून
नव्या विद्यापीठात रुजू झाले. खोली प्रशस्त, टेबल खिडकीशी, शेजार शांत. ग्रंथ आता पूर्ण होईलच. फक्त बाबा दूर राहिले. त्यांची दृष्टी गेल्यापासून मी त्यांच्याकडून घर पावलांनी पाठ करून घेतले आहे. पलंगापासून न्हाणीघर पाच, गॅलरीचे दार सात. त्यापुढे दोन पावलांवर काहीच नाही. कठडा दुरुस्तीसाठी काढला आहे. ते दार उघडायचे नाही, असे दहादा बजावून आले. बाबा म्हणाले, मास्तरीणबाई, झालं पाठ, आता छडी आवरा.

५ जून
बोललेले टंकून देणारी अधिकृत स्टोअरवरची ॲप्स गचाळ आहेत. एका संकेतस्थळावर उत्कृष्ट ॲप सापडले. फोनने ‘अनोळखी स्रोत’ म्हणून हरकत घेतली. संगणक विभागातला तंत्रज्ञही म्हणाला, मॅडम, बाहेरून ॲप घेणं म्हणजे परक्याला घराची किल्ली देणं. पदवी अर्धवट सोडलेल्याने मला शहाणपण शिकवावे! मागितलेल्या साऱ्या परवानग्या दिल्या.

८ जून
हे ॲप मजकूर माझ्याच आवाजात वाचून दाखवते. आरंभी चाचरत होते. मी त्याचे स्वर, विराम, श्वाससुद्धा सुधारले. बाबांच्या शेजारच्या काकूंसाठी त्यांच्या पावलांचा तक्ता त्यालाच सांगून लिहून घेतला. आता फरक मलाही कळत नाही. मी समाधानी आहे. हे वाक्य मी क्वचितच लिहिते.

११ जून
काकूंचे पत्र आले. बाबा खुशीत आहेत म्हणे: लेक दिवसातून तीनदा फोन करते, किती मायेनं बोलते, पूर्वी नुसती हजेरी घ्यायची.
मी आठवडाभर फोन केलेला नाही.

१२ जून
ॲप निघत नाही. सिमकार्ड मोडले. तंत्रज्ञासमोर मान खाली घालून उभी राहिले. तो हसला असता तर बरे झाले असते. म्हणाला, आवाज केव्हाच बाहेर गेला, मॅडम.

१३ जून, सकाळ
तंत्रज्ञाच्या फोनवरून बाबांना सांगितले, फोन करते ती मी नव्हे. ते म्हणाले, लेकीनं बजावलंच होतं, कुणीतरी तिच्या आवाजात फोन करेल. फोन ठेवला. पुन्हा लावला — व्यस्त. व्यस्त. निघाले.

दुपार
बाबांच्या दाराबाहेर आहे. कडी आतून. काकू सुताराला आणायला धावल्या. हाका मारते, बाबा ओरडतात, माझी लेक बोलतेय माझ्याशी, तू कोण? — लिहिते आहे, कारण माझे म्हणून आता हे अक्षरच उरले —

आतून, फोनमधून, माझा आवाज. इतका मऊ मला कधीच जमला नाही. कठडा बसवलाय बाबा, वारा छान आहे, या —

दार बडवते. ऐकत नाहीत —

तो आवाज पावले मोजतो: सहा. सात. गॅलरीची कडी वाजली. आठ, बाबा, अजून एकच —