दोन कड्यांचं दार

प्रिय वरच्या,

हाक वाचूनच तुला कळलं असेल कोण लिहितंय. तुला या नावाने हाक मारणारी मी एकटी, आणि मला 'खालची' म्हणणारा तू एकटा. बाकीच्यांसाठी आपल्याला चांगली पाळण्यातली नावं आहेत. घाबरू नकोस, हे पत्र चोरून आलेलं नाही. घरात कुणी बघेल म्हणून ते उशीखाली सरकवायचंही कारण नाही. ते कसं आलं हे ओघाने सांगेन. आधी परवाच्या सकाळबद्दल तुझ्याशी भांडायचंय.

जकात कचेरीच्या सावलीत मी नेहमीसारखी पिवळी छत्री उघडून उभी होते आणि टूरची माणसं गोळा होत होती. जुन्या शहराची छोटी फेरी असते ती, न्याहारीनंतर निघून जेवणाआधी संपणारी. तुझी बायको पुढे आली, हसली आणि म्हणाली की आम्ही दोघं आहोत, हे मागे राहिलेत. मी मागे बघितलं, तर तू वाकून चप्पल बांधत होतास. अरे, चपलेला नाडी नसते एवढं तरी लक्षात घ्यायचंस! केस गेले, पोट आलं, पण वाकलास की डावा खांदा अजून वर राहतो. तुला तिथेच ओळखलं. तू मान वर केलीस तेव्हा तुझ्या तोंडचं पाणी पळालं होतं. तुला माहीत नव्हतं ना, मी हे काम करते ते? टूर तिने ठरवली होती, हे तुझ्या चेहऱ्यावरूनच कळलं. आणि आमच्या धंद्यात एक शिक्षा असते. गाइड उलटी चालते. लोकांकडे तोंड करून, पाठीने रस्ता चाचपत बोलत जायचं असतं. एरवी मला त्याचा अभिमान आहे, पण परवा सबंध फेरीभर तुझं तोंड बघत चालण्यावाचून सुटका नव्हती.

आता खरी अडचण ऐक. ती तुला दारापाशी पोचल्यावर कळली, मला मात्र पहिल्या पावलापासून माहीत होती. मी या कामात नवी होते तेव्हा टूरच्या एका टोळीतल्या म्हाताऱ्याने आपल्या त्या पायऱ्यांवरच्या दारापाशी थांबून विचारलं होतं, या दाराची काय गोष्ट? माझ्याकडे गोष्ट नव्हती. म्हणजे एकच होती. मी ती शंभर वर्षं मागे ढकलली, मला धान्याच्या व्यापाऱ्याची मुलगी केलं, तुला दिवे बनवणाऱ्याचा मुलगा केलं आणि सांगून टाकली. म्हातारा रडला. पुढच्या टोळीलाही सांगितली. मग बाकीचे गाइड सांगू लागले, त्यांनी तुझ्या हातात एक बासरीही दिली, आणि आता बाहेरगावची जोडपी त्या कडीला हात लावून फोटो काढतात. माझी जुन्या प्रार्थनाघरांची माहिती कुणी धड ऐकत नाही, सगळ्यांना दार बघायचं असतं. आमच्या ह्यांनी एकदाच ही टूर केली. घड्याळं दुरुस्त करणारा माणूस, कुठे काय अडलंय तेवढंच बघतो. घरी आल्यावर म्हणाले, "बाकी सगळं छान, पण मुलगा नुसताच कसा येत नाही? काहीतरी कारण पाहिजे." मी म्हटलं, दंतकथेला कारणं नसतात. माझ्या गोष्टीचा शेवट तोच होता रे. मुलगी कडी काढून वाट बघत बसली आणि मुलगा आला नाही. हा शेवट परवा मला तुझ्यासमोर, तुझ्या बायकोला सांगायचा होता.

म्हणून मी वेळ काढत होते. रंगाऱ्यांच्या गल्लीत मी कधी नव्हे ती हौद, वाळत घातलेली कापडं, कुठला रंग कुठल्या बंदरातून यायचा, सगळं पाल्हाळ लावून सांगितलं. चार लिप्यांतल्या पाट्या असलेल्या त्या वळणावर प्रत्येक पाटी वाचून दाखवली, अगदी दात काढणाऱ्याचीसुद्धा. दोन धर्मांच्या प्रार्थनाघरांची भिंत जिथे एकच आहे, तिथे मी नेहमी सांगते की दोघं मिळून एका वर्षाआड तिला चुना लावतात. परवा चुन्याचीही कृती सांगितली असती. एक तरुण पोरगी जांभया द्यायला लागली. तू तेवढ्यात म्हणालास, गुडघा दुखतोय, आपण परत जाऊ. मी मनातल्या मनात तुझ्या गुडघ्याला नमस्कार केला. पण तुझी बायको काही ऐकेना. पायऱ्यांवरच्या दारासाठीच तर आलोय, असं म्हणून तिने तुझा हात धरला आणि तुला पुढे आणलं. तेव्हापासून तू माझ्याकडे बघणं सोडून दिलंस.

दार बदललेलं नाही ते बघितलंसच. तेच जाड लाकूड, वरून ढकललं की खालच्या बाजूला उघडणारं. मी टोळीला रोजचं सांगितलं. वरच्या गल्लीत एक भाषा, एक धर्म, खालच्या गल्लीत दुसरा. दिवसभर देवाणघेवाण, उसनवारी, एकमेकांच्या बारशाला जाणं. पण एकदा पाण्याच्या नळावरून भांडण झालं, तेव्हापासून दिवेलागणीला दार बंद व्हायचं आणि दोन्ही बाजूंना स्वतंत्र कडी. दोन्ही निघाल्या तरच दार उघडणार. विश्वास एवढा की वरचा पहारेकरी मनात येईल तेव्हा आपली कडी काढून दाराला धक्का देऊन बघायचा, खालच्यांनी त्यांची लावलीय की नाही. दार हललं की दुसऱ्या दिवशी तंटा. लोक हसले. इथवर ठीक होतं. मग मी छत्री मिटली आणि ठरवलं की गोष्ट गाळायची, पुढे बंदरावर जायचं. पण कोपऱ्यावरचा शिंपी, ज्याने माझी गोष्ट रोज ऐकून पाठ केलीय, मशीन थांबवून म्हणाला, "बाई, मुलीचं राहिलं की." झालं. झाकली मूठ त्यानेच उघडली.

मग मी सांगितली. कशी सांगितली मला आठवत नाही, तोंड आपोआप चालत होतं. मुलगी अंधार पडता पडता आली, खालची कडी काढली, दारापाशी बसून राहिली. मुलगा वरून येणार होता, दोघं खालच्या गल्लीतून स्टेशनवर जाणार होती. मुलगा आला नाही. संपली गोष्ट. नेहमी इथे कुणीतरी सुस्कारा सोडतं. परवा तुझी बायको बोलली. आवाज चढवला नाही, लाजली मात्र थोडी, शाळेत चुकीचं उत्तर देणाऱ्या मुलीसारखी. "आमच्या घरी ही गोष्ट वेगळी आहे," ती म्हणाली. "मुलांना झोपवताना हे सांगायचे. मुलगा येतो. त्याने शिट्टी वाजवायची असं ठरलेलं असतं, पण घशाला अशी कोरड पडते की ओठ वाजतच नाहीत. म्हणून तो कडी काढून नुसतं दार ढकलतो. दार हलत नाही. मुलीने कडी काढलेलीच नसते."

शिट्टी. माझ्या गोष्टीत शिट्टी कधीच नव्हती. कुठल्याच गाइडच्या गोष्टीत नाही. ती फक्त आपल्या दोघांत ठरली होती. टोळीत वाद सुरू झाला, म्हणजे नुसती गंमत. एक काका म्हणाले, पोरगी घाबरली असणार. ती जांभया देणारी म्हणाली, पोरगाच थापा मारतोय, आला असता तर हाक मारली असती. शिंपी माझ्या बाजूने भांडायला लागला. मी बघितलं, तुझी बायको आता दाराकडे बघत नव्हती. ती एकदा तुझ्याकडे बघत होती आणि एकदा माझ्याकडे. तू त्या दारावर तळवा टेकून उभा होतास. मी त्या वेळी काहीतरी बोलायला हवं होतं का? मी छत्री उघडली आणि म्हटलं, चला, ऊन वाढतंय.

बंदरावर फेरी संपली. सगळे चहाला गेले, तू सगळ्यांत आधी गेलास, गुडघा विसरून. ती मागे राहिली. मला वाटलं आता ही रडेल, नाहीतर मला चार शब्द सुनावेल. मी दोन्हीची तयारी केली. तिने यातलं काही केलं नाही. म्हणाली, "ताई, हे घरातलं कुठलंही बंद दार उघडताना आधी हात ठेवून थांबतात. स्वतःच्या खोलीचंसुद्धा. मला वाटायचं सवय आहे." नंतर म्हणाली की दोन्ही गोष्टी काही खऱ्या असू शकत नाहीत. दोन्ही कड्या निघाल्या असत्या तर दार उघडलं असतं, म्हणजे दोघांपैकी एक जण तिला खोटं सांगतंय, आणि इतक्या वर्षांचा संसार झाल्यावर तिला ते तूच आहेस का एवढं जाणून घ्यायचंय. मी तोंड उघडलं, तर तिने हाताने थांबवलं. तिकिटाच्या मागे पत्ता लिहिला. "मला नका सांगू. यांना सांगा. मी पत्र उघडणार नाही, पण यांच्या हातात मीच देईन आणि वाचताना यांच्या तोंडाकडे बघेन." तेव्हा आत्ता ती तुझ्यासमोर बसलेली असेल. बाई खंबीर आहे तुझी. मी तिच्या जागी असते तर पत्र वाफेवर धरून केव्हाच उघडलं असतं.

माझं म्हणशील तर बरं चाललंय. आमचे हे चांगले आहेत, कमी बोलतात, त्यांच्या वाट्याचंही मीच बोलते. लेक शिकायला बाहेर आहे. त्या संध्याकाळनंतर तुझ्यावर वर्षभर राग धरला, मग लग्न झालं, मग रागाला वेळ मिळेना. पत्र पाठवावंसं वाटलं नाही असं नाही, पण आधी चुकला तो तू, म्हणून आधी लिहायचंसही तूच. तिकडे तुझंही हेच चाललं असेल. दोघंही मोठी मानी. हे पत्र टपालात टाकायला मी आमच्या ह्यांच्याच हातात देणार आहे, आणि त्याआधी त्यांना सांगणार आहे की मुलगा का आला नाही याचं कारण सापडलं.

तर तिच्या प्रश्नाचं उत्तर. तू खोटं बोलला नाहीस. मीही नाही. कडी मी काढली होती, अंधार पडता पडताच, आवाज होऊ नये म्हणून पदर गुंडाळून. मग दाराला पाठ लावून पायरीवर बसले आणि तुझ्या शिट्टीची वाट बघत राहिले. शिट्टी वाजली नाही. वरची कडी निघाल्याचा आवाज आला आणि दाराला धक्का बसला. बिनशिट्टीचा धक्का म्हणजे पहारेकरी, दुसरा कोण असणार? दार हललं असतं तर मी पकडले गेले असते, आणि माझ्यामागून तूही. म्हणून मी दोन्ही टाचा समोरच्या दगडात रोवल्या, श्वास धरला आणि होतं नव्हतं ते सगळं बळ लावून दार दाबून धरलं. पुन्हा एकदा धक्का आला. तोही धरला. मग वरची कडी परत लागली आणि पावलं गेली. मला किती हायसं वाटलं म्हणून सांगू. वाटलं, बला टळली, आता तू येशील. वरच्या, तुझ्या हाताला लागली ती कडी नव्हती. ती माझी पाठ होती.

तेव्हाची तरी तुझीच,
खालची