अर्चनाची जांभळी फुलं

१ सप्टेंबर २०२४, रविवार
बाल्कनीतल्या टबात अर्चनाची जांभळी फुलं मावेनात. तिने नर्सरीतून एकच रोप आणलं होतं. ती वारल्यापासून मी पाणी तेवढं घालतो. कचऱ्यात टाकायला हात धजत नाही. देवाचं निर्माल्यसुद्धा तिने कधी डस्टबिनमध्ये टाकलं नाही, पाण्यातच सोडलं.
ठरलं. कॉलनीमागच्या पाणथळीत सोडायची. तिथली पांढरी कुमुदं बघायला ती दर रविवारी जायची. शेजार मिळेल. गेटवर संरक्षित क्षेत्राचा बोर्ड आहे, म्हणजे कोणी उपटणारही नाही.

८ सप्टेंबर, सकाळ
सोडली. हात जोडले. वनखात्याचा वॉचमन देवू पलीकडच्या काठाला होता. त्याने विचारलं असतं तर सांगितलं असतं.

१३ ऑक्टोबर
छान धरली आहेत. तुरे आलेत. कुमुदांच्या पानांवर थोडी चढली आहेत. पुढच्या रविवारी काठीने मागे सारायची.

२० ऑक्टोबर
सारायला गेलो. गुडघाभर चिखल. काठी तिथेच राहिली.

१० नोव्हेंबर
काठचा लव्हाळा दिसत नाही. बेडकांचा आवाज नाही. पाण्याला वास येतो. वरच्या अंगाने कोणीतरी घाण सोडत असणार.
देवू भेटला. म्हणाला, सायब, ही जलपर्णी हाय, कोन्या येड्याने टाकली कोन जाने, गावला तर त्यालाच हिची भाजी करून खायला घालीन. मी म्हणालो, लोकांना कळत नाही.

१ डिसेंबर
देवू म्हणाला, तुमी दर रविवारी येताच, जरा लक्ष ठेवा, कोन टाकतंय ते. त्याने एक शिट्टी दिली. घेतली. निदान आता आणखी कोणी टाकणार नाही.

५ जानेवारी २०२५
पाणी दिसत नाही. वारा आला की सगळं हिरवं एकदम सरकतं, जमीन सरकावी तसं. त्यावरून एक बगळा चालत गेला. कुमुदाचं एकही पान नाही. खाली कंद असतात, ते टिकतात असं वाचलं आहे. काळजीचं कारण नाही.

१९ जानेवारी
टबात एक तुकडा राहिला होता. तेवढ्याने टब परत भरला.
देवूला सगळं सांगायचं, पुढच्या रविवारी नक्की. पुढचा रविवार सव्वीस जानेवारी. तो कामात असेल. त्यानंतरचा.

२ फेब्रुवारी
मशीन आलं होतं. जलपर्णी गेली. पाणी उघडं आहे, काळं.
सांगणार होतो. तेवढ्यात देवूनेच विचारलं, तुमच्या बाईंना इथलं काय आवडायचं. पांढरी कुमुदं, मी म्हणालो. त्याने काठावरच्या गाळाच्या ढिगाकडे बोट केलं. मग म्हणाला, कंद बी गेले, सायब, गाळात व्हते, गाळच काढला ना. थोड्या वेळाने म्हणाला, बाईंच्या हातचं घरी पान्यातलं कायतरी असंल, ते आना, त्यांच्या नावाने इथं लावू.
अर्चनाने घरी कधी काही लावलं नाही, असं सांगितलं.